अक्का आणि गाडीचं वजन

जुन्या गाडीचं वजन किती असतं, असं कोणी विचारलं की आमचे वडील, म्हणजे अण्णा, विचारणाऱ्याकडे थोड्या दयेने बघायचे आणि म्हणायचे, "कुठल्या दिवशीचं?" समोरचा गोंधळला की त्यांना बरं वाटायचं. मग खुर्ची ओढून ते सविस्तर सांगायला बसायचे. चहा दोनदा गार व्हायचा, आणि आई आतून भांडी आपटायची.

अण्णा बंगळुरात विमानांच्या सरकारी कारखान्यात इंजिनिअर होते, आणि त्यातही वजनाच्या विभागात. विमानात जाणारी प्रत्येक वस्तू तोलायची, रंगाचा हात मारला तर त्या रंगाचंही वजन धरायचं, हे त्यांचं काम. हे काम ते कारखान्यात ठेवून आले असते तर आमची काही तक्रार नव्हती, पण ते घरी यायचं. माझ्या दप्तराचं वजन व्हायचं. आईने नवी कढई आणली की तिचा काळेपणा किंवा खोली न बघता ते ती हातात झुलवून बघायचे. आम्ही बसवनगुडीत भाड्याच्या घरात राहायचो. मी, माझी धाकटी बहीण, आई, अण्णा आणि अक्का. अक्का ही अण्णांची थोरली बहीण, पण आम्ही सगळेच तिला अक्का म्हणायचो.

अक्काबद्दल आधी सांगायला हवं. या दोघा भावंडांची आई लवकर गेली, त्यामुळे अण्णांना तिनेच वाढवलं होतं. तिचं लग्न निपाणीजवळच्या एका गावात झालं आणि थोड्याच वर्षांत नवरा गेला. मूलबाळ नव्हतं. सासरच्यांनी तिला एक ट्रंक देऊन बैलगाडीत बसवलं, आणि वेशीपर्यंत पोचवायलाही कोणी आलं नाही. तेव्हापासून ती भावाकडे. अण्णांना नोकरी लागली तशी बंगळुरात आली, कानडी तिला आधीपासून येत होतंच, आणि महिन्याभरात गल्लीतल्या सगळ्या बायका तिच्याकडे लोणच्याचं विचारायला यायला लागल्या. अण्णांना ती कानडी पद्धतीने 'तम्मा' म्हणायची, धाकटा भाऊ म्हणून. अंगाने चांगली ऐसपैस होती. ती हसली की ओटीवरचा झोपाळा कुरकुरायचा, आणि ती पुष्कळ हसायची.

शेर आणि मण जाऊन किलो नुकते आले होते त्या काळात अण्णांनी गाडी घेतली. छोटी विलायती गाडी, काळी, आमच्याकडे येण्याआधी तिघांकडे राहून आलेली. पहिला मालक कॉफीच्या मळ्यावरचा गोरा साहेब, दुसरा डॉक्टर, तिसरा इमारतींचा कंत्राटदार. गाडीबरोबर तिचं छापील पुस्तकही आलं. त्यात गाडीचं वजन हंड्रेडवेट या विलायती मापात दिलं होतं. अण्णांनी ते किलोत केलं, आईने हौसेने मणात करून मागितलं, आणि सगळ्यांचं समाधान झालं.

गाडी आली त्याच वर्षी अक्काच्या सासरहून मुंजीचं बोलावणं आलं. थोरल्या दिराच्या नातवाची मुंज, वैशाखात. इतक्या वर्षांत तिकडून आलेलं हे पहिलं बोलावणं. गावाकडचे एक गृहस्थ कामासाठी बंगळुरात आले होते, ते तोंडी सांगून गेले. अक्काने ऐकून घेतलं. संध्याकाळी वाती वळता वळता तिने अण्णांना एवढंच विचारलं, "तम्मा, गाडी दारापर्यंत जाते की वेशीपाशी ठेवावी लागते?"

"दारापर्यंत जाईल की," अण्णा म्हणाले.

तिला काय हवं होतं ते मला तेव्हाही कळलं होतं. मला वाटतं, घरात अण्णा सोडून सगळ्यांनाच कळलं होतं. तिला मुंज नको होती, लाडू नको होते. ज्या दारातून तिला ट्रंकेसकट बाहेर काढलं त्या दारात भावाच्या गाडीतून उतरायचं होतं. सगळ्या आळीने बघावं असं. मी तेरा-चौदा वर्षांची होते, आणि तिच्या वतीने मलाच त्या दिवसाची घाई झाली होती.

तालीम म्हणून एका रविवारी अण्णा आम्हाला सगळ्यांना लालबागेला घेऊन गेले. वळणावर मागून खर्रर्र असा आवाज आला आणि रबर जळल्याचा वास सुटला. अण्णांनी गाडी बाजूला घेतली, खाली वाकून पाहिलं आणि तोंड आंबट करून उठले. मागचे पाटे, म्हणजे ज्यांच्यावर गाडी झुलते त्या लोखंडी पट्ट्या, इतके दबले होते की चाक वरच्या मडगार्डला घासत होतं. पाच जण बसल्यावर ही गत, तर वर सामान आणि निपाणीपर्यंतचा रस्ता. टायर दुसऱ्यांदा रबर चढवलेले. वाटेत फुटला तर नवा मिळायची मारामार.

पुस्तकाप्रमाणे असं व्हायला नको होतं. म्हणून अण्णांनी गाडी लाकडाच्या वखारीतल्या वजनकाट्यावर नेली. मी बरोबर होते. आधी पुढची चाकं काट्यावर, मग मागची, मग सगळी गाडी. गाडी पुस्तकापेक्षा जड निघाली, आणि थोडीथोडकी नाही, एक चांगला भरलेला माणूस जास्त बसावा इतकी. वखारवाला म्हणाला, काटा बरोबर आहे साहेब. अण्णा म्हणाले, "काटा बरोबरच आहे. पुस्तक चुकलंय." घरी येईपर्यंत ते स्वतःशीच पुटपुटत होते.

मग त्यांनी माणसांची वजनं घ्यायचं ठरवलं. गांधी बाजारात वाण्याकडे पोती तोलायचा मोठा काटा होता, त्यावर आम्ही एकेक करून उभ्या राहिलो. आई लाजेने अर्धमेली झाली. अक्काने साफ नकार दिला. "मी काय गुळाची ढेप आहे? बाजारात चार माणसांसमोर तोलून घ्यायला?" ती घरीच थांबली. अण्णांनी तिचं वजन डोळ्यांनी धरलं. त्यांच्या विभागाचा नियम असा की जो भाग तोलता येत नाही त्याचा अंदाज नेहमी वरच्या बाजूला धरायचा, म्हणजे विमान धोक्यात येत नाही. विमानाच्या बाबतीत ठीक आहे. पण जेवताना त्यांनी ते वजन सगळ्यांसमोर मोठ्याने वाचून दाखवलं, तेव्हा मला इतका राग आला की मी त्यांना ताक वाढलं नाही.

"सामान निम्मं केलं तरी हिशेब बसत नाही," अण्णा म्हणाले. "अक्का रेल्वेने आली तरच बसतं. बेळगावची सोबत बघून देतो. स्टेशनवर घ्यायला येईन मी."

त्यांच्या आवाजात वाईटपणा मुळीच नव्हता. हिशेबात जे आलं ते त्यांनी सांगितलं. अक्का भात कालवत होती. हात थांबला, मग पुन्हा कालवायला लागली. "सरी," ती म्हणाली. सरी म्हणजे कानडीत ठीक आहे. बाजारात, दूधवाल्याला, भाजीवालीला ती दिवसातून शंभरदा सरी म्हणायची, पण असं कधी म्हटलेलं मी ऐकलं नव्हतं.

आईने नंतर अण्णांना आत बोलावून चांगलं फैलावर घेतलं असणार, कारण दुसऱ्या दिवशी ते कारखान्यातून आले ते थेट अक्काच्या समोर जाऊन उभे राहिले. "अक्का, ऐक. गाडीचं वजन वाढलंय म्हणजे ते कुठे तरी आहे. जे आहे ते काढता येतं. तुझ्या वजनाइतकं मी गाडीतून काढलं की तू गाडीत. शब्द देतो."

"माझ्याइतकं? मग संपलीच की गाडी," अक्का म्हणाली आणि हसली. झोपाळा कुरकुरला. सगळं पुन्हा जागेवर आलं असं आम्हाला वाटलं.

त्यानंतरचे दोन महिने आमच्या अंगणात गाडी उघडी पडलेली असायची. अण्णा कामावरून आले की जुना पायजमा चढवून तिच्याखाली शिरायचे, आणि काही निघालं की तिथूनच ओरडून सांगायचे. वापरलेल्या गाडीचं वजन कशाने ठरतं, हे तेव्हा आम्हाला घरबसल्या शिकायला मिळालं. पुस्तकातलं वजन नव्या, कोरड्या गाडीचं. त्यात पेट्रोल नाही, जादा चाक नाही, हत्यारं नाहीत. कारखान्यातून बाहेर पडल्यावर गाडीचं वजन वापरणारे लोक ठरवतात. मळेवाल्या साहेबाने मळ्यातल्या रस्त्यांना भिऊन मागच्या पाट्यांखाली जादा पट्ट्या घातल्या होत्या, जाड नळाचा बंपर लावला होता आणि पोटाखाली लोखंडी पत्रा ठोकला होता. दर पावसाळ्यात त्या पत्र्यावर माती साठली, वाळली, पुन्हा साठली. ती छिन्नीने फोडावी लागली, आणि घमेली भरून निघाली. डॉक्टरांनी गाडीला रंग लावून घेतला होता तो जुना न खरवडता, त्यावर आणखी एक, त्यावर आणखी एक. कंत्राटदाराने तिच्यातून सिमेंट वाहिलं होतं. फाटक्या पोत्यांतलं सिमेंट डिकीच्या कोपऱ्यात सांडून, ओलं होऊन, दगड झालं होतं. गंजलेल्या तळाच्या जागी त्याने पुलाला लावावा तसला पत्रा बसवला होता. शिटांमधला काथ्या वर्षानुवर्षांची ओल पिऊन बसला होता. तो उन्हात पसरला तेव्हा सबंध अंगणाला वास सुटला. शिटेखाली केसांचे आकडे, शेंगांची टरफलं, लहान मुलाचा एक बूट.

"माणूस जसा जगतो तशी गाडी भरते," अण्णा म्हणाले. हे त्यांना इतकं आवडलं की आठवडाभर येईल त्याला ते ऐकवत होते.

जादा पट्ट्या भार पेलायला हव्या होत्या, त्या त्यांनी अर्थातच ठेवल्या. बाकीचं शक्य ते काढलं. पण तळाचा पत्रा बदलायला पैसे नव्हते, रंग खरवडायला वेळ नव्हता. काही दिवस असे जायचे की काहीच निघायचं नाही. अशा दिवशी ते तोंड पाडून घरात यायचे, हातपाय धुवायचे आणि न बोलता जेवायचे. अक्का त्यांच्याकडे बघत बसायची.

अक्काचे उपास आमच्या घरात नवे नव्हते. सोमवार, गुरुवार, एकादशी, चतुर्थी, हे सगळं तिचं चालूच असायचं, आणि त्यातल्या साबुदाण्याच्या खिचडीवर, दाण्याच्या लाडवांवर आमचाही डोळा असायचा. त्या दोन महिन्यांत खिचडी बंद झाली. ती सकाळी ताक घ्यायची आणि दिवस काढायची. मग शनिवार आला, प्रदोष आला, मंगळवारही आला. आईने विचारलं तर म्हणाली, "नेम धरलाय." नेम धरलाय म्हटलं की आमच्या घरात पुढचा प्रश्न विचारायचा नसतो. आपण विचारलं तर नेमाचं फळ जातं असं आईच मानायची. स्वयंपाक अक्काच करत होती, वाढतही तीच होती, आणि वाढणारी बाई शेवटी काय जेवते हे बघायला आमच्यापैकी कोणीही स्वयंपाकघरात थांबत नव्हतं. रोज डोळ्यांसमोर असलेलं माणूस थोडं थोडं वाळत गेलं तर दिसत नाही. नऊवारी लुगड्यात तर नाहीच नाही.

निघायच्या आधी शेवटचं वजन. सामान बांधून, पेट्रोल भरून, आम्ही पाचही जण आत बसून गाडी वखारीच्या काट्यावर उभी राहिली. या वेळी अक्काने कुरकुर केली नाही. ती मागे खिडकीशी हात जोडून बसली होती. वखारवाल्याने आकडा सांगितला. अण्णांनी पुन्हा मोजायला लावला.

वजन बसलं होतं. नुसतं बसलं नव्हतं, अण्णांच्या हिशेबापेक्षा बरंच खाली आलं होतं. ते चक्रावले, मग खूश झाले. "अंदाज वर धरला की असा फायदा होतो," ते म्हणाले. "काथ्या आणखी वाळला असणार. बघ अक्का, तुला घेऊन वर एक पोतं ज्वारी मावेल!"

अक्काने डोळे मिटून घेतले. तिचा चेहरा इतका सुखाचा मी त्याआधी पाहिला नव्हता.

प्रवास चांगला झाला. चाक एकदाही घासलं नाही. पहिला मुक्काम हावेरीला धर्मशाळेत केला आणि दुसऱ्या दिवशी दुपार कलताना गावात शिरलो. अक्काने वाटेत गाडी थांबवून लुगडं बदललं होतं, तोंड धुतलं होतं. आळी अरुंद होती, पण गाडी गेली. दारात मांडव होता, माणसं होती. अण्णांनी विनाकारण भोंगा वाजवला, आणि त्या एका गोष्टीसाठी मी त्यांना सगळं माफ केलं.

अक्का उतरली. गाडीच्या दाराची कड धरून सरळ उभी राहिली, पदर सारखा केला. तिची थोरली जाऊ पुढे आली. तिने गाडीकडे पाहिलंही नाही. अक्काकडे बघून तिने कपाळावर हात मारला.

"अगं बाई, काय हे झालंय तुझं! गालफडं बसली की. आमच्याकडून गेलीस तेव्हा कशी होतीस!" मग अण्णांकडे वळून, सगळ्यांना ऐकू जाईल अशी, "भाऊ मोठा साहेब आहे म्हणतात ना बंगळुरात? जेवायला घालत नाही की काय हो बहिणीला?"

मांडवातले लोक हसले. त्यात फार वाकडं नसेलही, लग्नकार्यात असं बोलतात. पण अक्काचा चेहरा पडला. ज्या दारात तिला भावाची शोभा दाखवायची होती तिथेच भावाचं हसं झालं होतं, आणि तेही तिच्यामुळे. "प्रवासाने गं," ती म्हणाली. "तो फार करतो माझं." ऐकायला कोणी थांबलं नाही. मुलं तेवढी गाडीवर चढली होती.

अण्णा तिच्याकडे बघत राहिले. मीही पाहिलं. बांगड्या नसलेले तिचे हात कोपरापाशी हाडांवर आले होते. पोलकं खांद्यावरून उतरत होतं. हे आम्हाला आमच्या घरात दिसलं नव्हतं, परक्या बाईने दाखवलं तेव्हा दिसलं.

परसात विहिरीपाशी अण्णांनी तिला गाठलं. मी तांब्या घेऊन तिच्या पायांवर पाणी घालत होते. "अक्का, नेम कसला होता?"

तिने दुसरा पाय पाण्याखाली धरला. मग साधेपणाने म्हणाली, "तू लोखंड काढत होतास. कधी निघायचं, कधी निघायचं नाही, आणि तू तोंड पाडून यायचास. सगळं तूच कुठवर काढणार? स्वल्प मी काढलं."

"अगं, पण तुझं वजन मी धरलं होतं ना! तुझ्यासाठीच तर जागा करत होतो."

"आणि तेवढं निघालं नसतं तर? आधी तू रेल्वे म्हणाला होतास."

अण्णा विहिरीच्या काठावर खाली बसले. त्यांना तिथे, त्या परक्या परसात, रडू आलं. मी त्यांना रडताना कधी पाहिलं नव्हतं, आणि मला भीती वाटली.

दुसऱ्या दिवशी मुंज लागली. पुरुषांची पंगत झाली, सवाष्णींची झाली, मग सगळ्यात शेवटी मागच्या पडवीत विधवा बायकांची पानं मांडली. भात निवला होता. वाढणारे दमून घाई करत होते. अण्णा केव्हाच जेवून उठले होते. ते पडवीत आले, वाढप्याच्या हातातून वरणाचं भांडं घेतलं आणि अक्काच्या पानासमोर उभे राहिले. पाहुण्याने वाढायचं नसतं. दीर म्हणाले, अहो राहू द्या. अण्णांनी लक्ष दिलं नाही. वरण घातलं, तूप घातलं, जिलबी घातली, पुन्हा भात घातला.

"पुरे रे तम्मा. पुरे."

पण ते ऐकत नव्हते. अक्का खायला लागली. चार घासांनंतर तिचा हात मंद झाला. इतक्या दिवसांच्या उपासाने तिचं पोट आखडलं होतं, घास जात नव्हता. आजूबाजूच्या बायकांची पानं संपत आली. कार्याच्या घरात पानात टाकून उठायचं म्हणजे अपमान, तोही सासरी, तोही थोरली जाऊ दारात उभी असताना. अक्का जिलबीचा तुकडा हातात धरून बसली होती आणि तिच्या डोळ्यांत पाणी आलं होतं.

अण्णांनी भांडं खाली ठेवलं. तिच्या पानासमोर मांडी घातली, पान आपल्याकडे ओढलं आणि तिचं उष्टं जेवायला लागले. विधवेचं उष्टं, पुरुषाने, पंगतीत बसून. जावेने तोंडाला पदर लावला. अण्णा खाली मान घालून जेवत होते, लहान मुलासारखा भात बोटांनी पुसून घेत होते. अक्का काही वेळ बघत राहिली. मग तिने हातातला जिलबीचा तुकडा त्यांच्या तोंडापाशी धरला, आणि त्यांनी तो खाल्ला.